मुलगी सज्ञान, लग्न घरच्यांना नामंजूर आणि हायकोर्टात हेबिअस कॉर्पस: तिथे नेमकं होतं काय

पोरगी घरातून निघून गेली की पहिल्या दोन दिवसांत कोणीतरी नातेवाईक हमखास म्हणतो, "माझ्या ओळखीचा वकील आहे, हायकोर्टात हेबिअस टाकू, पोलीस आठ दिवसांत पोरीला आणून उभी करतील." याच्या उलट चित्रही तेवढंच कॉमन आहे. लग्न होऊन महिना झालेला, माहेरून फोन येतो की आजी सिरियस आहे ये, ती जाते, संध्याकाळपासून फोन बंद, आणि इकडे नवऱ्याला मित्र सांगतात हेबिअस टाक, बायको मिळेल. दोघांना सल्ला तोच आणि दोघांचा समजही सारखाच चुकीचा, कारण या पिटिशनमध्ये सज्ञान मुलगी कोर्ट कुणाच्याच ताब्यात देत नाही, ना बापाच्या ना नवऱ्याच्या. कोर्ट तिला मोकळी करतं, पुढे कुठे जायचं ते ती ठरवते. एवढं एक नीट कळलं तरी बराच त्रास, पैसा आणि कोर्टाच्या व्हरांड्यातली रडारड वाचेल असं मला मनापासून वाटतं, म्हणून जरा सविस्तर लिहितेय.

आधी ही भानगड काय आहे ते बघू. हेबिअस कॉर्पस म्हणजे हायकोर्टाचा किंवा सुप्रीम कोर्टाचा असा आदेश की अमुक माणसाला तुम्ही धरून ठेवलंय असं आमच्यासमोर आलंय, तर त्याला इथे हजर करा आणि कुठल्या कायद्याच्या आधारे ठेवलंय ते सांगा, आधार नसेल तर सोडा. हायकोर्टाला हा अधिकार संविधानाच्या कलम 226 खाली आहे आणि सुप्रीम कोर्टाला कलम 32 खाली. आपल्याला हे नाव माहीत असतं ते आणीबाणीमुळे, विनाचौकशी तुरुंगात टाकलेल्या लोकांसाठी केलेल्या पिटिशन्समुळे, त्यामुळे वाटतं हे फक्त सरकारविरुद्ध चालतं. तसं नाहीये. घरातल्या खोलीला बाहेरून कडी लावणारा बाप, मामा, सासरा, कोणीही असो, त्याच्याविरुद्धही हे चालतं. आणि जी व्यक्ती कोंडलेली आहे ती स्वतः कोर्टात येऊ शकत नाही हे उघडच आहे, म्हणून तिच्या वतीने दुसऱ्या कोणालाही पिटिशन करता येते, आई, बाप, नवरा, मैत्रीण, पार्टनर, कोणीही.

मुंबई हायकोर्टात हे क्रिमिनल रिट पिटिशन (रिट म्हणजे कोर्टाचा असा आदेश) म्हणून दाखल होतं आणि दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठासमोर जातं. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, गोवा, आणि ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच, म्हणजे सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या लोकांना आता यासाठी मुंबई गाठावी लागत नाही. गावाकडून रात्रीच्या एसटीने येऊन सकाळी अकराला कोर्टात उभं राहणाऱ्यांसाठी ही साधी गोष्ट नाही.

आता वयाचं. सगळं प्रकरण 18 या आकड्यावर फिरतं. मुलगी 18 च्या आत असेल तर वेगळाच कायदा लागतो, तिला पळवून नेणं हा गुन्हा होतो मग ती राजीखुशीने गेली असली तरी, पॉक्सो, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक गुन्ह्यांचा कायदा येतो, बालकल्याण समिती येते, आणि तिथे "तुला कुठे जायचंय" हा एकच प्रश्न पुरत नाही. म्हणून दोन्ही बाजूंचे वकील पहिल्यांदा मागतात तो जन्मतारखेचा दाखला, शाळा सोडल्याचा दाखला, दहावीचं सर्टिफिकेट. आधार कार्डावर भरवसा ठेवू नका, जन्मतारखेचा पुरावा म्हणून ते चालत नाही असं सुप्रीम कोर्टाने 2024 मध्ये सांगितलंय. मुलगी घरातून निघते तेव्हा हे कागद बहुतेक वेळा आईच्या कपाटात असतात, आणि भांडण सुरू झालं की ते कागद सापडेनासे होतात, हे आधीच ध्यानात ठेवलेलं बरं.

आणि मुलगा 21 चा नसेल तर? इथे लोकांचा फार गोंधळ होतो. लग्नासाठी मुलाचं वय 21 लागतं हे बरोबर, पण सज्ञान तो 18 लाच होतो. केरळच्या नंदकुमार केसमध्ये नेमकं हेच झालं होतं, मुलगी सज्ञान, मुलगा 21 च्या आतला, लग्न झालेलं, बापाने हेबिअस केली आणि केरळ हायकोर्टाने मुलगी बापाकडे सोपवली. सुप्रीम कोर्टाने एप्रिल 2018 मध्ये तो निकाल फिरवला आणि म्हटलं की नुसतं मुलाचं वय कमी म्हणून हे लग्न शून्य, म्हणजे मुळात झालंच नाही असं होत नाही, आणि समजा लग्नाची पात्रता नसली तरी दोन सज्ञान माणसांना लग्नाशिवायही एकत्र राहायचा हक्क आहे. मुंबई हायकोर्टात डिसेंबर 2024 मध्ये असाच एक मॅटर आला होता, मुलगी 19 ची, मुलगा 20 चा, धर्म वेगळे, तिला चेंबूरच्या शासकीय महिला वसतिगृहात ठेवलेलं, आणि पिटिशन त्या मुलाने केलेली. न्यायमूर्ती भारती डांगरे आणि न्यायमूर्ती मंजुषा देशपांडे यांच्या खंडपीठाने तिला समजावलं, विचार करायला वेळ दिला, तरी तिचं म्हणणं बदललं नाही, तिला ना आईवडिलांकडे जायचं होतं ना वसतिगृहात राहायचं होतं. शेवटी तिला मोकळं केलं. लग्न त्यांचं त्या वेळी होऊच शकत नव्हतं, तरीही.

म्हणूनच मी म्हणतेय, ही पिटिशन लग्नाबद्दल नसतेच. हे पचायला सगळ्यात अवघड जातं. बाप कोर्टात सांगत असतो की साहेब लग्न खोटं आहे, आळंदीला जाऊन अर्ध्या तासात उरकलंय, ना आमचं कोणी होतं ना रीतसर विधी झाले, फोटोत सप्तपदी दिसत नाही. आणि मुलाकडचे सर्टिफिकेट पुढे करत असतात. दोघांचंही म्हणणं दुसऱ्या एखाद्या कोर्टात महत्त्वाचं ठरेल. हिंदू विवाह कायद्यात विधी लागतातच, नुसतं सर्टिफिकेट काढून लग्न होत नाही हे सुप्रीम कोर्टाने एप्रिल 2024 मध्ये पुन्हा एकदा स्पष्ट केलंय. पण लग्न वैध की अवैध हे ठरवायला फॅमिली कोर्ट आहे, तिथे पुरावे होतात, साक्षी होतात, उलटतपासणी होते. हेबिअसमध्ये प्रश्न एकच, ही बाई आत्ता जिथे आहे तिथे तिच्या मर्जीने आहे का. लग्न उद्या रद्द ठरलं म्हणून आज ती सज्ञान राहत नाही असं थोडंच आहे.

आणि हे मी माझ्या मनाचं सांगत नाहीये, ज्या केसमुळे हे देशभर गाजलं ती केरळची हादिया केस. ही नीट समजून घ्या, कारण या विषयात जे जे चुकू शकतं ते जवळपास सगळं या एका केसमध्ये चुकलेलं दिसतं. सेलमला होमिओपॅथी शिकणारी 24 वर्षांची मुलगी, तिने इस्लाम स्वीकारला, वडिलांनी जानेवारी 2016 मध्ये हेबिअस केली. कोर्टाने तिला विचारलं, ती म्हणाली मी माझ्या मर्जीने आहे, विषय मिटला. ऑगस्टमध्ये वडिलांनी दुसऱ्यांदा पिटिशन केली, आता भीती होती की तिला देशाबाहेर नेतील. ती चालू असतानाच 19 डिसेंबर 2016 ला तिने लग्न केलं. हायकोर्टाला हे खटकलं आणि 24 मे 2017 ला हायकोर्टाने चक्क हेबिअसच्या पिटिशनमध्ये ते लग्न रद्द करून टाकलं आणि मुलीला आईवडिलांकडे पाठवलं. कारण काय दिलं, तर या वयाची मुलगी हळवी असते, तिचा कोणीही फायदा घेऊ शकतं आणि लग्नासारखा निर्णय आईवडिलांना सोबत घेऊनच व्हायला हवा. म्हणजे कोर्टच तिचं पालक बनलं. त्यानंतर ती काही महिने वडिलांच्या घरी, बाहेर पोलिसांचा पहारा, भेटायला कोणी नाही. मधल्या काळात एनआयएचा, म्हणजे राष्ट्रीय तपास यंत्रणेचा तपास सुरू झाला. आणि या सगळ्या महिन्यांत, जिच्याबद्दल हे चाललंय तिला सुप्रीम कोर्टाने प्रत्यक्ष ऐकलं ते थेट 27 नोव्हेंबर 2017 ला. भरलेल्या कोर्टात तिने स्वातंत्र्य मागितलं, शिक्षण पूर्ण करायचंय म्हणाली. कोर्टाने तिला आधी कॉलेजला पाठवलं आणि 8 मार्च 2018 ला हायकोर्टाचा निकाल रद्द केला, सविस्तर कारणं एप्रिलमध्ये आली. त्यात सरळ म्हटलंय की हायकोर्टाने हेबिअसमध्ये लग्न रद्द करायला नको होतं, सज्ञान व्यक्तीने कोणाशी लग्न करावं हा तिचा स्वतःचा प्रांत आहे, तिथे ना राज्य येतं ना कोर्ट येतं ना बाप. एनआयएला गुन्ह्याचा तपास करायचा असेल तर तो करू दे, पण त्याचा लग्नाशी संबंध नाही.

त्या वडिलांची काळजी खोटी होती असं मी म्हणणार नाही. माणूस घाबरला होता. पण भीती खरी असली म्हणून 24 वर्षांच्या माणसाला घरात बंद ठेवायचा अधिकार मिळत नाही, एवढंच त्या निकालाने सांगितलं. त्याच वर्षी जानेवारीत सोनी गेरी नावाच्या केसमध्येही सुप्रीम कोर्ट हेच बोललं होतं, तिथे आई मुलीचा ताबा मागत होती आणि 18 पूर्ण झालेल्या मुलीला कुवेतला वडिलांकडे राहून शिकायचं होतं. कोर्ट म्हणालं आम्ही सुपर गार्डियन नाही, आईच्या भावनेपोटी किंवा बापाच्या अहंकारापोटी आम्ही तिचा निर्णय बदलू शकत नाही.

नवऱ्यांनीही खूश व्हायचं कारण नाही. 1964 मध्येच सुप्रीम कोर्टाने इक्राम हुसेन केसमध्ये बजावलंय की एखादा पुरुष बाईचा ताबा मिळवायला हेबिअस घेऊन येतो तेव्हा ही रिट सहजासहजी द्यायची नाही, जपून द्यायची. बायको ही माझी आहे म्हणून मला द्या, हा मुद्दा चालत नाही. ती घरच्यांकडे स्वतःच्या मर्जीने परत गेली असेल आणि कोर्टात तसं म्हणाली तर पिटिशन तिथेच संपते. मग फॅमिली कोर्टात नांदायला येण्याचा दावा वगैरे जे करायचं ते करा, पण पोलीस पाठवून तिला आणता येणार नाही.

आता प्रत्यक्ष कसं घडतं ते. हायकोर्टाच्या आधी पोलीस स्टेशन. घरचे मिसिंग दाखल करतात, ते त्यांनी करावंच, त्यात गैर काही नाही, कारण खरोखर काही बरंवाईट झालेलं असू शकतं. मुलीनेही लगेच जवळच्या पोलीस स्टेशनला जाऊन किंवा निदान लेखी अर्ज पाठवून कळवावं की मी सज्ञान आहे, माझ्या मर्जीने आले आहे, सुरक्षित आहे. सोबत वयाचा दाखला. एवढं झालं की मिसिंगचा मुद्दा खरं तर संपतो. पण प्रत्यक्षात काय होतं, गावच्या पोलीस स्टेशनमधून फोन येतो, "इकडे येऊन जबाब द्या, नाहीतर मुलावर अपहरणाचा गुन्हा दाखल होईल." लक्ष्मीबाई चंदरगी केसमध्ये हुबेहूब हे घडलं होतं, बेळगाव जिल्ह्यातलं पोलीस स्टेशन, दोघंही उच्चशिक्षित, लग्न दिल्लीत केलेलं, मुलीने कळवलेलं की मी नवऱ्याबरोबर आहे, तरी तपास अधिकारी तिला फोनवर धमकावत होता की इथे ये नाहीतर नवऱ्यावर केस. फेब्रुवारी 2021 मध्ये सुप्रीम कोर्टाने त्या अधिकाऱ्यालाच समुपदेशनाला पाठवा म्हणून सांगितलं आणि पोलिसांना अशी प्रकरणं कशी हाताळायची याचं ट्रेनिंग द्या म्हटलं. तेव्हा असा फोन आला तर घाबरून एकटीने गावी जायची गरज नाही, जबाब जिथे आहात तिथल्या पोलिसांसमोर किंवा मॅजिस्ट्रेटसमोर देता येतो.

उलट बाजूने, मुलीला घरच्यांनी कोंडलं असेल तर हायकोर्टाशिवाय एक जवळचा रस्ता आहे जो फार कमी लोक वापरतात. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 100, जुनं सीआरपीसीचं 97. बेकायदेशीरपणे डांबून ठेवलेल्या व्यक्तीसाठी मॅजिस्ट्रेट सर्च वॉरंट काढू शकतो, पोलीस त्या घरी जातात, व्यक्तीला आणतात आणि मॅजिस्ट्रेटसमोर उभं करतात. तालुक्याच्या कोर्टात होणारं काम आहे. पण घरच्यांचं राजकीय वजन असेल, स्थानिक पोलीस त्यांच्याच गावचे असतील, किंवा मुलीला जिल्ह्याबाहेर हलवलं असेल तर थेट हायकोर्टच बरं, हे माझं मत.

पिटिशनमध्ये काय लागतं? ती सज्ञान असल्याचा पुरावा, लग्न झालं असेल तर त्याचे कागद, आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे तिला इच्छेविरुद्ध ठेवलंय असं दाखवणारं काहीतरी. तिचा शेवटचा मेसेज, "माझा फोन काढून घेतलाय" असा मैत्रिणीच्या नंबरवरून आलेला व्हॉइस नोट, पोलिसांना केलेला अर्ज ज्यावर काही झालं नाही, तारखा, वेळा. नुसतं "ती माझी बायको आहे आणि फोन लागत नाही" एवढ्यावर पिटिशन उभी राहायला जड जाते. समोरच्या पार्टीत राज्य सरकार, त्या पोलीस स्टेशनचे सीनियर पीआय आणि ज्यांनी ठेवलंय ते घरचे. वकील तातडीचं म्हणून मेन्शन करतो, कोर्ट नोटीस काढतं आणि पोलिसांना सांगतं अमुक तारखेला हजर करा.

आणि मग तो दिवस. मुलगी दोन लेडी कॉन्स्टेबलबरोबर शेवटच्या बाकावर बसलेली असते, आई चार बाकं पुढे बसून सारखी मागे वळून बघत असते, मामा व्हरांड्यात फोनवर, मुलगा आणि त्याचा मित्र जिन्याजवळ. मॅटर पुकारला की न्यायमूर्ती बहुतेक वेळा मुलीला चेंबरमध्ये बोलावतात, वकील नाही, घरचे नाहीत, पोलीस नाहीत. काय विचारतात? वय, शिक्षण, नोकरी, लग्न केलंस का, कधी, मनाने केलंस का, कोणाचा दबाव आहे का, आता कुठे जायचंय. हे प्रश्न सगळ्यांना अपेक्षित असतात. पण माझ्या मते खरा प्रश्न वेगळाच आहे, काल रात्री तू कुठे होतीस आणि आज कोणाच्या गाडीतून आलीस. तीन आठवडे घरात बंद ठेवलेली मुलगी सकाळी सहाला मामाच्या गाडीत बसून निघाली, रस्ताभर तिला सांगितलं गेलं की तू तसं बोललीस तर आई जीव देईल, त्या मुलाला सोडणार नाही, आणि त्याच मामाबरोबर संध्याकाळी परत जायचंय हे तिला दिसतंय, तर ती चेंबरमध्ये दहा मिनिटांत काय बोलणार? "मला घरी जायचंय" एवढंच. ते तिचं उत्तर धरायचं का? उलटही होऊ शकतं, मुलाच्या घरच्यांच्या गराड्यात आलेली मुलगी तेच बोलेल जे तिला शिकवलंय. म्हणून चांगले न्यायमूर्ती घाई करत नाहीत, पाणी देतात, मराठीत बोलतात, पुन्हा विचारतात, गरज वाटली तर एकदोन दिवस तटस्थ ठिकाणी ठेवून मग ऐकतात.

याच गोष्टीवर सुप्रीम कोर्टाने 11 मार्च 2024 ला नियमच घालून दिले, देवू नायर केसमध्ये. केरळमधलीच केस, दोन मुलींच्या नात्याची, एकीला आईवडिलांनी बळजबरीने ठेवलंय म्हणून दुसरीने पिटिशन केलेली, आणि हायकोर्टाने घरी ठेवलेल्या त्या मुलीला समुपदेशनाला पाठवलेलं. हे नियम सगळ्या कोर्टांना आहेत आणि मला वाटतं प्रत्येक वकिलाने ते प्रिंट काढून फाइलमध्ये ठेवावेत. अशा हेबिअसला प्राधान्याने तारीख द्यायची. पिटिशन करणारा पार्टनर आहे की फ्रेंड, नातं नेमकं काय, याच्या खोलात जायचं नाही. व्यक्तीला प्रत्यक्ष हजर करून चेंबरमध्ये एकांतात बोलायचं, घरच्यांचा किंवा पोलिसांचा दबाव नाही ना ते बघायचं, तिला मोकळं वाटेल अशी भाषा आणि वातावरण ठेवायचं. समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवायचा प्रयत्न करायचा नाही. न्यायमूर्तींनी स्वतःची नैतिकता मध्ये आणायची नाही. आणि तिने इच्छा सांगितली की लगेच सोडायचं, पुढची तारीख नाही. गंमत नाही, विचार करण्यासारखी गोष्ट ही आहे की त्या केसमध्ये त्या मुलीने सांगितलं मला आईवडिलांकडेच राहायचंय, सुप्रीम कोर्टाने एका न्यायिक अधिकाऱ्याला पाठवून खात्री केली आणि तिचं म्हणणं मान्य करून अपील फेटाळलं. म्हणजे नियम या बाजूचे नाहीत आणि त्या बाजूचेही नाहीत, तिचं उत्तर खरंच तिचं आहे का हे तपासायचे आहेत.

तारखांबद्दल मला राग आहे, तो लपवत नाही. हेबिअसमध्ये प्रत्येक दिवस म्हणजे कोणीतरी एका खोलीत बंद आहे असा अर्थ होतो. कर्नाटकातली 25 वर्षांची उच्चशिक्षित मुलगी, दुबईत करियर करत होती, तिला घरच्यांनी बळजबरीने भारतात आणलं, फोन आणि पासपोर्ट काढून घेतला, लग्नासाठी दबाव. तिच्या पार्टनरने 2023 मध्ये हायकोर्टात हेबिअस केली. चौदा वेळा तारीख पुढे गेली आणि मग थेट 2025 ची तारीख पडली. तिने पोलिसांसमोर सांगूनही की मला दुबईला परत जायचंय. जानेवारी 2024 मध्ये सुप्रीम कोर्टाचे न्यायमूर्ती भूषण गवई आणि न्यायमूर्ती संदीप मेहता यांनी तिच्याशी, तिच्या आईवडिलांशी आणि पार्टनरच्या घरच्यांशी वेगवेगळं बोलून तिला मोकळं केलं, पासपोर्ट परत द्यायला लावला आणि हायकोर्टाने इतक्या तारखा दिल्या यावर कडक शब्दांत नाराजी नोंदवली. मधल्या काळात तिच्या हातच्या नोकरीच्या संधी गेल्या त्या गेल्याच. तुमच्या मॅटरला अशा तारखा पडत असतील तर वकिलाला सांगा ही ऑर्डर दाखव.

वसतिगृहाचंही असंच. "तूर्तास महिला वसतिगृहात ठेवा" हा मधला मार्ग वाटतो, घरीही नाही आणि त्याच्याकडेही नाही. एकदोन दिवस, तिच्या संमतीने, दबाव निघून जावा म्हणून ठीक आहे. पण सज्ञान बाईला तिच्या इच्छेविरुद्ध नारी निकेतनात ठेवता येत नाही हे सुप्रीम कोर्टाने ज्ञान देवी केसमध्ये सत्तरच्या दशकातच सांगून ठेवलंय. पन्नास वर्षं होत आली.

आईवडिलांना दोन गोष्टी सांगायच्यात, आणि मनापासून सांगतेय. तुमची पिटिशन वाया जातेच असं नाही. मुलगी जिवंत आहे, बरी आहे, कोणी डांबलेलं नाही हे न्यायमूर्तींच्या समोर कळतं, ही लहान गोष्ट नाही. आणि कधीकधी खरोखरच ती अडकलेली असते, फसवलेली असते, आणि चेंबरमध्ये ती म्हणते मला आईकडे जायचंय, तेव्हा याच पिटिशनने ती सुटते. ती तयार असेल तर कोर्टातच तुमची भेट घडवून देतात, दहा पंधरा मिनिटं, बाजूच्या खोलीत. ती भेट भांडणात घालवू नका. "समाजात तोंड दाखवायला जागा ठेवली नाहीस" हे वाक्य त्या खोलीत बोललं गेलं की पुढची काही वर्षं तुटतात. तब्येत कशी आहे विचारा, तिचे कपडे, सर्टिफिकेटं आणून द्या. सुप्रीम कोर्टाने 2006 च्या लता सिंग केसमध्ये म्हटलंय की लग्न पसंत नसेल तर आईवडील फार तर संबंध तोडू शकतात, पण धमकी, मारहाण, खोट्या केसेस हे करू शकत नाहीत. त्या केसमध्ये भावांनी केलेल्या तक्रारीवरून नवऱ्याच्या नातेवाइकांना विनाकारण तुरुंगात जावं लागलं होतं. जातपंचायत किंवा भावकी बहिष्काराची भाषा करत असेल तर महाराष्ट्रात 2016 चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा आहे, तो घरच्यांच्याही बाजूने वापरता येतो, कारण पोरीने लग्न केलं म्हणून वाळीत बापालाच टाकतात.

आता ऑर्डर मिळाल्यानंतरचं, कारण खरा धोका कोर्टाच्या गेटबाहेर असतो. ती जिथे जायला मोकळी आहे असं म्हणून पिटिशन निकाली निघते आणि दोन्ही पार्ट्या एकाच दारातून बाहेर पडतात. वकिलाने तिथेच मागायला हवं की पोलीस बंदोबस्तात स्टेशनपर्यंत किंवा घरापर्यंत सोडा. कोर्ट सहसा देतं, पण मागितलं तर. पासपोर्ट, सर्टिफिकेटं, बँकेचं पासबुक, मोबाइल, औषधं हेही पिटिशनच्या मागण्यांतच लिहून ठेवा, नंतर त्यासाठी पुन्हा फेऱ्या मारत बसू नका. पुढेही धोका असेल तर संरक्षणासाठी वेगळी पिटिशन करता येते. शक्ती वाहिनी केसमध्ये 27 मार्च 2018 ला सुप्रीम कोर्टाने सगळ्या राज्यांना सांगितलंय की प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष हवा, 24 तास हेल्पलाइन हवी, जोडप्यांसाठी सेफ हाऊस हवं, सुरुवातीला महिनाभर आणि धोका बघून वाढवत जास्तीत जास्त वर्षभर, अगदी नाममात्र खर्चात. महाराष्ट्रातही सरकारने जिल्ह्याजिल्ह्यात हे कक्ष आणि सेफ हाऊस करण्याचे आदेश काढलेत. तुमच्या जिल्ह्यात ते चालू आहे का ते एसपी ऑफिसला किंवा कमिशनर ऑफिसला लेखी अर्ज देऊन विचारा, तोंडी विचारलं की टोलवतात.

वकिलाचे पैसे नाहीत म्हणून थांबू नका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे बाईला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही, घरचे श्रीमंत असले तरी. हेल्पलाइन 15100, किंवा जिल्हा कोर्टाच्या आवारात विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस असतं तिथे थेट जा. महिला हेल्पलाइन 181, आणि आत्ता या क्षणी जिवाला धोका असेल तर 112. आणि जी मुलगी उद्या "आजी सिरियस आहे" म्हणून गावी निघणार आहे आणि जिला आतून शंका येतेय, तिने निघायच्या आधी एका विश्वासू मैत्रिणीकडे तीन गोष्टी ठेवाव्यात, वयाच्या दाखल्याचा फोटो, जिथे जातेय त्या घराचा पूर्ण पत्ता, आणि स्वतःच्या हाताने तारीख टाकून सही केलेला एक कागद की मी अमुक दिवशी परत येणार आहे, नाही आले आणि माझा फोन लागला नाही तर मला माझ्या इच्छेविरुद्ध ठेवलंय असं समजा. मैत्रिणीने पिटिशन केली तर तिच्या वकिलाला सुरुवात करायला तो एक कागद फार उपयोगी पडतो.